डाव्या हाताची अक्षरं आणि दुधाच्या क्रेटमधल्या फायली

1865 साली न्यूयॉर्कच्या ‘द सोल्जर्स फ्रेंड’ या नियतकालिकाने एक स्पर्धा जाहीर केली. स्पर्धक कोण? अमेरिकेच्या यादवी युद्धात उजवा हात गमावलेले सैनिक. करायचं काय? डाव्या हाताने सुवाच्य अक्षरात लिहून पाठवायचं. बक्षिसांची एकूण रक्कम 1,000 डॉलर, पहिलं बक्षीस 200 डॉलरचं. संपादक विल्यम ओलंड बोर्न यांचं म्हणणं सरळ होतं: डाव्या हाताचं अक्षर चांगलं आहे हे दिसलं, तर या माणसांना कारकुनीची नोकरी मिळायला हरकत नको. स्पर्धा इतकी गाजली की दुसऱ्यांदा भरवावी लागली. कोणत्या लढाईत हात गेला, इस्पितळात काय झालं, पुढे काय करायचं ठरवलंय, हे सगळं सैनिकांनी वळणदार अक्षरात लिहून पाठवलं.

ती पत्रं आज ‘लायब्ररी ऑफ काँग्रेस’मध्ये आहेत आणि त्यांचे फोटो जगात कुठेही बसून पाहता येतात. पण खरी मजा पुढे आहे. या ग्रंथालयाने 2018 साली ‘बाय द पीपल’ नावाचा उपक्रम सुरू केला. त्यात सामान्य वाचक जुनं हस्ताक्षर लावतात आणि टाइप करून देतात. बोर्न यांच्याकडची ही पत्रंही अशीच टाइप झाली. आता एखाद्या गावाचं किंवा पलटणीचं नाव टाकलं की पत्र समोर येतं. फोटो काढला म्हणजे कागद वाचला, पण शोधता आला तरच तो वाचकापर्यंत पोचला. माझ्या मते अशा कामातला सगळ्यात मोलाचा भाग हाच.

फाईल उघडली आणि…

अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागारात यादवी युद्धातल्या विधवांच्या पेन्शन फायलींचं डिजिटायझेशन चाललं होतं. एका फाईलमधून चक्क ‘मोल’ निघाला! मोल म्हणजे जमिनीत बिळं करणारा, मऊ केसांचा चिमुकला प्राणी. एका सैनिकाने छावणीतून बायकोला पत्र धाडलं आणि सोबत या प्राण्याचं कातडं पाठवलं. पुढे बायकोने पेन्शनच्या अर्जाला ते पत्र पुरावा म्हणून जोडलं. सरकारी दफ्तरात कातड्याचीही नोंद राहिली, केसांसकट.

पेन्शनच्या फायली म्हणजे खजिनाच. लग्न झालं होतं, मूल आपलंच आहे, हे सिद्ध करायला लोकांनी घरच्या बायबलमधली जन्म-मृत्यूच्या नोंदींची पानं फाडून जोडली. घरात ठेवली असती तर ती केव्हाच नाहीशी झाली असती. आणि पेन्शन किती काळ चालावी? यादवी युद्ध 1865 मध्ये संपलं, पण एका सैनिकाच्या मुलीला त्याची पेन्शन 2020 सालापर्यंत मिळत होती, महिन्याला 73.13 डॉलर!

वर्षाला 50 सेंट

निवृत्त सैनिकांची मासिकं हा त्या काळचा मोठाच उद्योग होता. वॉशिंग्टनमध्ये 1877 साली ‘नॅशनल ट्रिब्यून’ निघालं. ते काढणारे जॉर्ज लेमन स्वतः माजी सैनिक आणि पेन्शनचे दावे चालवणारे वकील. त्यातलं एक सदर सैनिकांच्या आठवणींसाठीच राखलेलं होतं. एकाने लढाईची हकीकत लिहावी आणि दुसऱ्याने पुढच्या अंकात ती खोडून काढावी, असा खेळ सुरू असे. दक्षिणेच्या, म्हणजे युद्धात हरलेल्या बाजूने नॅशव्हिलमध्ये 1893 साली सम्नर कनिंगहॅम यांनी ‘कॉन्फेडरेट व्हेटरन’ सुरू केलं. वर्गणी वर्षाला 50 सेंट. ते 1932 पर्यंत, म्हणजे तब्बल 40 वर्षं चाललं. अमक्या पलटणीतला माझा सोबती कुठे आहे, कुणाला ठाऊक असेल तर कळवा, अशा विचारणा त्यात असत. आज वंशावळ शोधणारे लोक याच चार ओळींच्या मजकुरावर तुटून पडतात.

या मासिकात गुलामगिरीवर पांघरूण घालणारं आणि पराभवाला पुण्याईचा मुलामा देणारं लिखाण भरपूर आहे. म्हणून ते गाळून छापावं का? मुळीच नाही. जसंच्या तसं छापावं, सोबत खणखणीत प्रस्तावना द्यावी. म्हाताऱ्या सैनिकांनी आपल्या युद्धाची कहाणी कशी बदलत नेली, हे कळायला दुसरं साधन नाही.

अमेरिकी सरकारनेही हात आखडता घेतला नाही. दोन्ही बाजूंचे अहवाल, हुकूम, पत्रव्यवहार गोळा करून 1880 ते 1901 या काळात 128 ग्रंथ छापले, एकूण 1,38,579 पानं! आपल्याकडेही त्याच सुमाराला हीच धडपड चालली होती. 1878 साली का. ना. साने आणि सहकाऱ्यांनी ‘काव्येतिहाससंग्रह’ सुरू केला आणि घरोघरच्या बासनांतल्या बखरी, पत्रं मासिकातून छापून लोकांपुढे आणली.

सेंट लुईसची आग

छापण्याला एवढं महत्त्व का, ते 12 जुलै 1973 ला कळलं. सेंट लुईसजवळच्या सैनिकी नोंदींच्या इमारतीत सहाव्या मजल्यावर आग लागली. 160 ते 180 लाख फायली गेल्या. 1912 ते 1959 या काळात अमेरिकी भूदलातून निवृत्त झालेल्यांच्या तब्बल 80 टक्के! त्यांची दुसरी प्रत नव्हती, मायक्रोफिल्म नव्हती, कुणाकुणाच्या फायली होत्या याची यादीसुद्धा नव्हती.

आग विझवायला ओतलेल्या पाण्याने उरलेल्या फायली चिंब झाल्या. जुलैचा उकाडा, म्हणजे बुरशी येणार हे ठरलेलं. मग बुरशीनाशक फवारलं, ओल्या फायली दुधाच्या प्लास्टिकच्या क्रेटमध्ये भरल्या आणि नेल्या कुठे, तर मॅकडॉनेल डग्लस या विमान कंपनीत! अंतराळातली परिस्थिती निर्माण करण्यासाठी तिथे निर्वात कक्ष बांधलेले होते. एका कक्षात एका वेळी सुमारे 2,000 क्रेट मावत आणि एका खेपेत जवळजवळ आठ टन पाणी बाहेर निघे. अशा खटपटीतून सुमारे 65 लाख नोंदी वाचल्या. कडा जळालेल्या त्या पानांवर आजही काम चालू आहे. काळ्याठिक्कर पडलेल्या भागातली अक्षरं इन्फ्रारेड कॅमेऱ्याने वाचली जातात.

ब्रिटनची गोष्ट याहून वेगळी नाही. सप्टेंबर 1940 मध्ये लंडनवर पडलेल्या बॉम्बने पहिल्या महायुद्धातल्या सैनिकांच्या निम्म्याहून जास्त फायली जाळल्या. उरल्या त्यांना अभिलेखागारातले लोक ‘बर्न्ट डॉक्युमेंट्स’ म्हणतात.

अमेरिकेची 1890 ची जनगणनाही 1921 च्या आगीत होरपळली. तरी बरंच काही शिल्लक होतं. पण 21 फेब्रुवारी 1933 रोजी काँग्रेसने, म्हणजे अमेरिकी संसदेने, तेही नष्ट करायला परवानगी दिली. आदल्याच दिवशी राष्ट्राध्यक्ष हूवर यांनी राष्ट्रीय अभिलेखागाराची कोनशिला बसवली होती! हे पुन्हा पुन्हा वाचलं तरी हळहळ कमी होत नाही. सुदैवाने माजी सैनिकांची आणि त्यांच्या विधवांची वेगळी यादी केली होती, तिचा निम्म्याहून जास्त भाग टिकला.

खंदकातला छापखाना

फेब्रुवारी 1916. बेल्जियममधलं उद्ध्वस्त ईप्र शहर. शेरवुड फॉरेस्टर्सच्या बाराव्या बटालियनला ढिगाऱ्यात छापखाना सापडला. कॅप्टन फ्रेड रॉबर्ट्स संपादक झाले आणि ‘वायपर्स टाइम्स’ निघालं. ‘ईप्र’चा ब्रिटिश शिपायांनी केलेला उच्चार म्हणजे ‘वायपर्स’. खिळे पुरेसे नव्हते, म्हणून एक पान जुळवायचं, छापायचं, खिळे सोडवायचे, मग पुढचं पान. हे सगळं तोफांच्या टप्प्यात! 1918 मध्येच त्याचे अंक पुस्तकरूपात पुन्हा छापले गेले आणि म्हणूनच ते आजवर सहज मिळतात.

‘स्टार्स अँड स्ट्राइप्स’ हे फ्रान्समधल्या अमेरिकी फौजेचं साप्ताहिक 8 फेब्रुवारी 1918 ला निघालं आणि 71 अंकांनंतर थांबलं. त्यातले हॅरल्ड रॉस पुढे ‘न्यूयॉर्कर’ या नियतकालिकाचे संस्थापक-संपादक झाले.

आपले शिपाई

पहिल्या महायुद्धात हिंदी शिपाई फ्रान्समधून घरी पत्रं लिहीत. सेन्सॉर ती उघडे आणि महत्त्वाचे उतारे इंग्रजीत उतरवून अहवालाला जोडे. बहुतेक मूळ पत्रं आज नाहीत, पण पाळत ठेवण्यासाठी केलेल्या नकला ब्रिटिश लायब्ररीत शाबूत आहेत. इतिहासकार डेव्हिड ओमिसी यांनी त्यांतली निवडक पत्रं 1999 मध्ये छापली, तेव्हा शिपायांचे शब्द सगळ्यांपर्यंत पोचले.

लाहोर संग्रहालयात पंजाबी शिपायांच्या 1919 सालच्या नोंदवह्या वर्षानुवर्षं पडून होत्या. सुमारे 26,000 पानं, 3,20,000 नावं, गावागणिक! 2021 पासून त्या इंटरनेटवर खुल्या होऊ लागल्या आणि विलायतेत राहणाऱ्या कितीतरी पंजाबी कुटुंबांना पणजोबा सापडले.

आणि 2 जानेवारी 1909 ला सुरू झालेला ‘फौजी अखबार’? तोच आजचा ‘सैनिक समाचार’. 1954 साली नाव बदललं. आज 13 भाषांत निघतो, त्यांत मराठीही आहे. साताऱ्याजवळचं अपशिंगे मिलिटरी, जिथले 46 जवान पहिल्या महायुद्धात कामी आले, अशा गावांतल्या ट्रंकांमध्ये याचे जुने अंक असणं अगदी शक्य आहे.

असतील तर घाई करायला हवी. जुन्नर-दौलताबादकडचा चिंध्यांपासून केलेला पेशवाईतला कागद आजही धडधाकट आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात लाकडाच्या लगद्याचा कागद आला, त्यातलं आम्ल कागदालाच आतून खातं. म्हणून शंभर वर्षांचा अंक घडी उघडताच तुटतो, अडीचशे वर्षांचं पत्र मात्र उलगडतं. असा अंक हाती आला तर लॅमिनेशन करू नका, सेलोटेप लावू नका, पिना काढा, ऊन लागू देऊ नका, सपाट ठेवून प्रत्येक पानाचा फोटो घ्या. मुखपृष्ठ आणि जाहिरातीसुद्धा सोडू नका. मग फोटोंची एक प्रत घरी, एक नातेवाइकाकडे आणि एक पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळासारख्या संस्थेला विचारून तिथे द्या.