लोणारचीं दोन सरोवरें

गतवर्षीं आम्ही कांहीं विद्यार्थ्यांस घेऊन परभणी, जिंतूर व मंठा या मार्गानें बुलढाणा जिल्ह्यांतील लोणार येथें गेलों होतों. मोठें खारें सरोवर पाहून त्याच्या उत्तरेस सुमारें ७०० मीटरांवर असलेल्या अंबर तळ्यापाशीं आलों, तेव्हां एका मुलानें विचारलें, "सर, हें त्याचेंच धाकटें भावंड काय?" प्रश्न लहान, परंतु उत्तर सोपें नाहीं.

प्रथम थोरल्याचा विचार करूं. हें सरोवर एका वाटोळ्या खळग्याच्या तळाशीं आहे. खळग्याचा व्यास सुमारें १.८ किलोमीटर व खोली सुमारें १५० मीटर आहे. उतारावर झाडी व जुनीं देवालयें आहेत. लोणासुर दैत्याचा वध येथें झाला, अशी लोककथा आहे. पूर्वींच्या कित्येक विद्वानांस हा खळगा ज्वालामुखीचें कार्य वाटे. परंतु येथील खडकांत एका खनिजाची, तें न वितळतांच, केवळ दाबानें कांच झालेली आढळली. असा दाब ज्वालामुखी उत्पन्न करूं शकत नाहीं. आकाशांतून अतिवेगानें आदळणारा पाषाणच तो करूं शकतो. हा पुरावा १९७३ सालीं जगापुढें आला. खळग्याचें वय पूर्वीं सुमारें ५०,००० वर्षें सांगत. २०११ सालीं प्रसिद्ध झालेल्या मापनानें तें सुमारें ५,७०,००० वर्षें निघालें.

या खळग्यांत झऱ्यांचें व पावसाचें पाणी येतें, पण बाहेर जावयास वाट नाहीं. ऊन पाणी नेतें, क्षार मागें राहतात. म्हणून तें खारें आहे. जून २०२० मध्यें पाणी गुलाबी झालें, तेव्हां पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेस त्यांत अतिखाऱ्या पाण्यांत वाढणारे सूक्ष्म जीव आढळले. त्याच वर्षीं रामसर करारान्वयें या सरोवराची आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळांत गणना झाली. गांवचें सांडपाणी येथें शिरूं दिल्यास ही जीवसृष्टीच पालटून जाईल.

आतां धाकट्याकडे वळूं. अंबर तळ्याचा व्यास सुमारें ३०० मीटर आहे. त्याच पाषाणाचा तुटलेला तुकडा पडून तें झालें असावें, असा तर्क कित्येक अभ्यासक करितात. दुसऱ्यांस तो मान्य नाहीं. कारण थोरल्या खळग्यांत मिळाला तसा निर्विवाद पुरावा येथें मिळालेला नाहीं. शेजार आणि सारखेपणा यांवरून नात्याचा संशय येतो; नातें सिद्ध होत नाहीं.

हें आम्ही सांगत असतांच त्या मुलानें खिशांतून एक काळा दगड काढला व मुकाट्यानें होता तेथें ठेविला. त्यास कोणीं तसें सांगितलें नव्हतें. विद्यार्थ्यांनो, ज्या प्रश्नाचा निवाडा अद्याप व्हावयाचा आहे, त्याचे साक्षीदार हे दगडच होत. ते पहावे, त्यांचें चित्र काढावें. मात्र घरीं आणूं नयेत.