टेम्पोची नवी वायर आणि पाच रुपयांचा फ्यूज

आज बोलायचंय ते आपल्या गटाच्या गाडीबद्दल. जुन्या गाडीला आपण हौसेनं किंवा गरजेनं एखादी नवी वस्तू जोडतो. कुणी मागच्या हौद्यात दिवा लावतं, कुणी मोबाइलचं चार्जिंग, कुणी छोटा पंखा. हे काम घरच्या घरी करता येतं का? येतं. मी आणि आमच्या गटातल्या दोघींनी ते केलंय. पण त्याआधी एक चूक आमच्या जिवावर बेतली होती. ती आधी सांगते.

आमच्या गटाचा एक सेकंड हँड टेम्पो आहे. बारा जणींनी मिळून घेतलाय, बँकेचा हप्ता अजून चालू आहे. गटातल्याच एक ताई तो चालवतात. मार्गशीर्षातली पहाट होती. हौद्यात मेथीच्या जुड्या, चटण्यांची खोकी आणि पापडाची पोती होती, आणि आम्ही दोघी तालुक्याच्या बाजाराला निघालो होतो. घाट उतरताना प्लॅस्टिक जळल्याचा वास आला. आधी वाटलं, कुणी रस्त्याकडेला कचरा पेटवलाय. मग पायाशी धूर दिसला.

ताईंनी गाडी कडेला घेतली आणि चावी काढली. तरी धूर थांबेना. चावी हातात आणि धूर चालूच! मी तर पुरती घाबरले. ताईंचं डोकं मात्र ठिकाणावर होतं. सीटखालचा दहा नंबरचा पाना घेऊन त्यांनी बॅटरीची काळी वायर सोडवली, तेव्हा कुठे धूर थांबला.

उजाडल्यावर बघितलं. आमच्याआधी कुणीतरी हौद्यातल्या दिव्यासाठी थेट बॅटरीवरून वायर ओढली होती. मध्ये फ्यूज नव्हता. पत्र्याच्या भोकातून ती वायर तशीच उघडी नेली होती. खड्ड्यांतून गाडी हादरून हादरून पत्र्याच्या धारेनं वायरीचं वरचं कातडं सोललं गेलं आणि आतलं तांबं पत्र्याला टेकलं. बास, तेवढंच. टेम्पो जळाला असता तर माल गेला असता, गाडी गेली असती आणि बँकेचा हप्ता तेवढा राहिला असता. आम्ही दोघी वाचलो, हे नशीब.

बारा व्होल्टची भीती कशाला?

पुष्कळ जणी म्हणतात, गाडीच्या बॅटरीचा शॉक बसत नाही, मग भ्यायचं कशाला? शॉक बसत नाही हे खरं. पण आग लागते.

आपल्या पाण्याच्या टाकीचा विचार करा. टाकी जेवढी उंच, तेवढा पाण्याला जोर. त्या जोराला विजेत व्होल्ट म्हणायचं. पाइपातून किती पाणी वाहतं, ते अँपिअर. गाडीची टाकी बुटकी आहे, फक्त १२ व्होल्टची, म्हणून अंगाला झटका बसत नाही. पण तिचं तोंड फार मोठं आहे. गाडी स्टार्ट करताना स्टार्टर मोटार १०० अँपिअरहून जास्त करंट ओढते आणि बॅटरी तो देते. आता आपल्या दिव्याची बारीक वायर पत्र्याला टेकली, तर तेवढाच लोंढा त्या बारीक वायरीतून धावतो. पाच अँपिअरच्या वायरीतून शंभर अँपिअर गेले की ती शेगडीच्या कॉइलसारखी लाल होते.

आणि पत्र्याला टेकल्यानंच असं का होतं? कारण गाडीचा सगळा पत्रा बॅटरीच्या काळ्या, म्हणजे मायनस टोकाला जोडलेला असतो. गाडीचे वायरमन त्याला ‘अर्थ’ म्हणतात. प्लसची उघडी वायर पत्र्याला लागली की बॅटरीची दोन टोकं सरळ एकमेकांना मिळाली. चावी काढूनही आमचा धूर का थांबला नाही, ते आता कळलं असेल. ती वायर चावीच्या वाटेनं आलीच नव्हती, थेट बॅटरीवरून आली होती.

फ्यूज कुणासाठी असतो?

घरात जास्त भार झाला की एमसीबी पडतो. गाडीत ते काम फ्यूज करतो. ठरलेल्यापेक्षा जास्त करंट गेला की त्याच्या आतली पट्टी वितळते आणि वाट बंद होते. लक्षात ठेवा, फ्यूज दिवा वाचवायला नसतो, वायर वाचवायला असतो. म्हणून फ्यूजची जागा दिव्याजवळ नसते, बॅटरीजवळ असते. बॅटरीपासून वीतभर अंतरात तो यायलाच हवा. बॅटरी आणि फ्यूज यांच्यामधला वायरीचा तुकडा बिनराखणीचा असतो. तो जितका आखूड, तितका धोका कमी.

गाडीच्या पात्याच्या फ्यूजचे रंग ठरलेले असतात. ७.५ अँपिअर तपकिरी, १० लाल, १५ निळा, २० पिवळा, ३० हिरवा. ५ अँपिअरचा फिकट, मातकट रंगाचा असतो. वर आकडाही लिहिलेला असतो. फ्यूज उडाला तर त्या जागी मोठा फ्यूज किंवा सिगारेटच्या पाकिटातली चांदी घालायची नाही. आपलं राखण करणारं कुत्रं भुंकलं म्हणून त्याला कोंडून ठेवायचं आणि चोराला दार उघडायचं, असं ते होतं. फ्यूज का उडाला, ते शोधायचं.

कागदावरचा हिशोब

वस्तूवर वॅट लिहिलेले असतात. त्याला १२ नं भागलं की अँपिअर मिळतात. आम्हाला हौद्यात १० वॅटचे दोन एलईडी दिवे हवे होते आणि पुढे १८ वॅटचं चार्जिंग, कारण बाजारात पैसे क्यूआर कोडवर येतात आणि दुपारपर्यंत मोबाइल मान टाकतो. एकूण ३८ वॅट. भागिले १२, म्हणजे ३ अँपिअरच्या थोडं वर. त्याला ५ अँपिअरचा फ्यूज आणि १ चौरस मिलिमीटरची तांब्याची वायर पुरते. १० अँपिअरचा फ्यूज लावायचा असेल, तर वायर १.५ ची घ्या.

गरम करणाऱ्या वस्तूंपासून मात्र जपून. उष्णता करायला वीज फार लागते. गाडीत चहाचं पाणी तापवायची किटली १५० वॅटची असेल, तर १२ अँपिअरच्या वर जाते. थंड मुलखात लोक जुन्या गाडीच्या स्टिअरिंगच्या चाकालासुद्धा गरम होणाऱ्या तारा बसवून घेतात, बर्फात हात गोठू नयेत म्हणून. आपल्याला त्याची गरज नाही, पण हिशोब तिथंही हाच: वॅट, अँपिअर, वायर, फ्यूज.

दुसरा हिशोब बॅटरीचा. समजा बॅटरी ३५ अँपिअर-तासांची आहे. हौद्यातले दोन दिवे दीड-पावणेदोन अँपिअर खातात. रात्री दहा तास चुकून चालू राहिले, तर निम्मी बॅटरी संपली. मग पहाटे धक्का मारायला माणसं शोधा. म्हणून नवीन वस्तू चावीबरोबर बंद होणारी असावी. त्यासाठी रिले लागतो. रिले म्हणजे पाटावरचा पाणी सोडणारा गडी. चावीची बारीक वायर त्याला फक्त ‘सोड’ म्हणते आणि तो बॅटरीकडची वाट उघडतो. त्याच्या पायांवर आकडे असतात: ३० वर बॅटरीकडून फ्यूजमधून आलेली वायर, ८७ वरून दिव्यांकडे जाणारी, ८६ वर चावीची आणि ८५ वरून पत्र्याला अर्थ.

हात घालण्याआधी

आता आपल्या बायकांसाठी खास. बॅटरीवर वाकण्याआधी अंगठी, धातूच्या बांगड्या आणि पाटल्या काढा. मंगळसूत्र काढवत नसेल तर ब्लाउजच्या आत घालून वरून पदर घट्ट खोचा. बॅटरीचं प्लस टोक आणि पत्रा यांच्यामध्ये अंगठी सापडली, तर ती क्षणात लाल होते आणि बोटातून निघत नाही. केस बांधा. इंजिन बंद आणि थंड असू द्या. चार्ज होताना बॅटरीतून पेट घेणारा वायू निघतो, म्हणून जवळ काडी, बिडी, उदबत्ती नको.

आधी काळी, म्हणजे मायनस वायर सोडवा. जोडताना ती सगळ्यात शेवटी जोडा. कारण सोपं आहे. मायनस जोडलेली असताना प्लसवर पाना लावला आणि तो चुकून पत्र्याला टेकला, तर ठिणग्यांचा पाऊस पडतो. मायनस आधीच सुटलेली असेल तर काही होत नाही.

काम कसं केलं

१. बॅटरीच्या प्लसपासून वीतभरावर फ्यूज होल्डर बसवला. फ्यूज मात्र तेव्हा घातला नाही, शेवटपर्यंत खिशात ठेवला.

२. वायर जिथं पत्र्यातून जाते, तिथं भोकात रबराचं कडं बसवलं. गाडीच्या सामानाच्या दुकानात ग्रोमेट म्हणून मागा. आमच्या वेळी हे कडं नव्हतं, म्हणून तर सगळं रामायण झालं.

३. पूर्ण वायरीवर पन्हाळीची प्लॅस्टिक नळी चढवली आणि दर वीत-दीड वीतीवर पट्टी आवळली. सायलेन्सर, डिझेलची नळी, ब्रेक-क्लचचे पेडल आणि स्टिअरिंगचा दांडा यांच्यापासून वायर लांब नेली.

४. जोड नुसता पीळ देऊन टेप गुंडाळून केला नाही. उन्हात टेपचा डिंक पाघळतो आणि जोड उघडा पडतो. लग लावून पकडीनं दाबले आणि वर गरम केल्यावर आवळणारी नळी बसवली.

५. अर्थसाठी पत्र्यावरचा रंग खरवडून चकचकीत केला, मग बोल्टखाली लग आवळला. रंगावर लावलेला अर्थ दगा देतो, दिवा मिणमिणतो.

६. सगळं झाल्यावर मायनस जोडली आणि मग फ्यूज घातला. अर्धा तास दिवे चालू ठेवून वायरीवरून हात फिरवला. कुठंही चटका लागेल एवढी गरम नव्हती. कुठं गरम लागली असती, तर जोड सैल किंवा वायर बारीक, असं समजायचं.

एका ताईंचा मुलगा आयटीआयला आहे. त्याच्या सरांना गाडी दाखवली आणि त्यांनी बरोबर म्हटल्यावरच माल भरला. सगळं सामान साडेआठशे रुपयांत आलं. त्यात फ्यूज फक्त पाच रुपयांचा.

इथं आपला हात नको

स्टिअरिंगच्या चाकात एअरबॅग असेल, तर ते चाक उघडायचं नाही. एअरबॅग डोळ्याची पापणी लवायच्या आत फुटते आणि चेहऱ्याशी असेल तर जबर इजा करते. तिच्या वायरी आणि जोड बहुधा पिवळे असतात. पिवळं दिसलं की मागं सरा. ब्रेकच्या आणि इंजिनच्या कॉम्प्युटरच्या वायरींतून जोड काढू नका. बॅटरीवर चालणाऱ्या इलेक्ट्रिक गाडीच्या जाड केशरी वायरींना तर बोटही लावू नका. तिथं व्होल्ट शेकड्यांत असू शकतात आणि तो झटका जीव घेतो. पुढच्या बाजूला डोळे दिपवणारे जादा दिवेही नकोत. समोरच्याला दिसेनासं होतं आणि दंडही बसतो. नवी जोडणी केली की विमा कंपनीला विचारून घ्या आणि पावत्या जपून ठेवा.

धूर दिसला तर

गाडी कडेला, चावी बंद, सगळे खाली. धूर थोडाच असेल आणि हात पोचत असेल, तर मायनस सोडवा. ज्वाळा दिसत असतील तर गाडीजवळ जाऊ नका. बॉनेट धाडकन उघडलं तर आत वारा जाऊन आग भडकते. पाणी ओतू नका. पावडरचं छोटं अग्निशामक सीटजवळ ठेवा आणि ११२ ला फोन करा. माल गेला तर परत भरता येतो.

मैत्रिणींनो, येत्या मासिक बैठकीत एक विषय घ्या. गटाची गाडी असेल तर दिवसाउजेडी सगळ्यांनी मिळून बॅटरीजवळ बघा. प्लसच्या टोकावरून किती वायरी निघतात ते मोजा. त्यांतल्या मागाहून जोडलेल्या प्रत्येक वायरीचा फ्यूज कुठं आहे ते शोधा. सापडला नाही, तर ती वायर तिथल्या तिथं सोडवा आणि वायरमनकडून नीट करून घ्या. इतिवृत्तात ते लिहून ठेवा: कुठली वायर, किती अँपिअरचा फ्यूज, कधी बसवला. आम्ही तसं लिहितो. दोन जादा फ्यूज आणि तो दहा नंबरचा पाना आता सीटखाली सुतळीनं बांधून ठेवलाय. ताई रोज निघताना आधी त्याला हात लावून बघतात, मगच गाडी स्टार्ट करतात.