दोन बासऱ्या, एक तबकडी

सतार आणि सरोद यांची जुगलबंदी ऐकताना डोळे मिटून घेतले तरी कोणते वाद्य बोलते आहे ते कळते. पण दोन्ही कलाकारांच्या हाती बासरीच असेल तर? आवाज एकाच जातीचा, मृदू, आणि एका वेळी एकच स्वर देणारा. संवाद ऐकू येण्याऐवजी नुसते धुके ऐकू यायचे! हा धोका पत्करून १९५७ साली अमेरिकेत जाझची एक ध्वनिमुद्रिका झाली. तिचे नाव 'फ्लूट सूफ्ले'.

जाझ हे मुळात ट्रंपेट आणि सॅक्सोफोनचे राज्य. पाश्चात्त्य बासरी धातूची, चाव्यांची. आपल्या बासरीवर बोट सरकवून मींड घेता येते, तशी तिच्यावर सहज येत नाही. द्रुत ताना मात्र सफाईने निघतात. तिची खरी अडचण वेगळीच. खालच्या सप्तकात तिचा स्वर गोड लागतो, पण दुबळा असतो आणि ड्रमपुढे बुडून जातो. १९३०च्या दशकात वेमन कार्व्हर चिक वेबच्या वाद्यवृंदात ती वाजवत असे, तरी ती पाहुणीच राहिली. पुढे चांगले मायक्रोफोन आले, १९५३ पासून काउंट बेसीच्या वाद्यवृंदात फ्रँक वेसची बासरी ऐकू येऊ लागली, आणि चित्र पालटले.

आपल्या तबकडीवरचे दोघे म्हणजे न्यूयॉर्कच्या ब्रुकलिनचा हर्बी मॅन आणि बेल्जियमहून आलेला बॉबी जॅस्पर. मॅनने १९५५ मध्ये सॅम मोस्ट या बासरीवादकाबरोबर असाच प्रयत्न केला होता. या वेळी साथीला टॉमी फ्लॅनगनचा पियानो आणि जो प्यूमाची गिटार होती. ध्वनिमुद्रण केले रुडी व्हॅन गेल्डर यांनी. हे गृहस्थ दिवसा लोकांच्या चष्म्यांचे नंबर काढत आणि न्यू जर्सीत आईवडिलांच्या घराच्या दिवाणखान्यात जाझ मुद्रित करत. बासरीची फुंकर टिपायला असा कान हवाच!

तबकडीवर रचना चारच. दोघेही टेनर सॅक्सोफोन वाजवणारे, म्हणून ते वाद्यही मधूनमधून येते. कानाला तेवढाच पालट. त्यातली 'चेसिंग द बर्ड' ही चार्ली पार्करची १९४७ सालची रचना मला फार महत्त्वाची वाटते. 'बर्ड' हे पार्करचेच टोपणनाव. आपल्या जुगलबंदीत बहुधा एक बोलतो, दुसरा उत्तर देतो. इथे दोन वेगळ्या चाली एकाच वेळी चालतात, एकमेकींच्या मागे धावतात, आणि तरी प्रत्येक चाल स्वतंत्रपणे गुणगुणता येते. वाद्यांचे आवाज सारखे असले तरी चाली वेगळ्या असल्या की कान त्यांना बरोबर निवडतो. धुक्यावर उतारा सापडतो तो इथे.

चाल संपून एकेकट्याचे वादन सुरू झाले की स्वभावही कळू लागतात. मॅनचा जीव लयीत, ठेक्यात. जॅस्परचा स्वर अधिक निर्मळ. माझे झुकते माप जॅस्परला.

नशिबाचे माप मात्र मॅनकडे झुकले. १९६१ साली न्यूयॉर्कच्या 'व्हिलेज गेट'मध्ये मुद्रित झालेल्या मैफिलीने तो घरोघरी पोचला आणि २००३ मध्ये जाईपर्यंत देशोदेशींचे ताल बासरीवर आणत राहिला. जॅस्पर १९६३ मध्ये न्यूयॉर्कला वारला, अवघ्या ३७ व्या वर्षी.

ही तबकडी पुढे सीडीवरही आली. मिळाली तर 'चेसिंग द बर्ड' आधी लावा, आणि पहिल्या खेपेला दोहोंपैकी एकाच चालीचा माग धरा.