मुलाची वही आणि घरचा फोन

दिवाळीपूर्वीं माळा आवरण्याचा प्रघात आपल्या घरांतून अद्याप चालू आहे. गळकी घागर, तुटका पाट, उसवलेली सतरंजी अशा वस्तु एकेक करून खालीं उतरतात, आणि प्रत्येक वस्तूपाशीं घरांतील वडील माणूस क्षणभर थांबून विचारतें, “ही कोणाची? टाकूं का?” वस्तु फुटकी असली तरी तिचा धनी कोण हें कळल्यावांचून ती घराबाहेर जात नाहीं. एकत्र कुटुंबांत भांड्याला भांडें लागूनहि घर टिकतें, याचें श्रेय पुष्कळ अंशीं अशा लहानसहान प्रश्नांना आहे.

अलीकडे मात्र आपल्या घरांत एक नवा माळा आला आहे. तो तळहाताएवढा असून त्यांत आजीचें कीर्तन, सुनेच्या पाककृति, थोरल्यांचे व्यवहार आणि मुलांचे खेळ एकत्र ठेविलेले असतात. हा माळा आवरतांना तो जुना प्रश्न विचारावयाचें आपण विसरतों. आम्हीहि विसरलों, आणि त्या विस्मरणाची हकीकत वाचकांच्या उपयोगीं पडेल असें वाटल्यावरून ती येथें देत आहों.

आमचें पाचोड गांव पैठण तालुक्यांत, छत्रपति संभाजीनगरहून बीडकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर वसलेलें आहे. मोसंबीच्या बाजारासाठीं तें मराठवाड्यांत सर्वांच्या परिचयाचें आहे. आमचीहि लहानशी बाग आहे. ऑगस्ट २०२१ पासून राज्यांत ई-पीक पाहणी सुरू झाली, आणि शेतकऱ्यानें स्वतः शेतांत उभें राहून, फोनवरून पिकाची नोंद छायाचित्रासह करावी असें ठरलें. ही नोंद सातबाऱ्यावर चढत असल्यामुळें ती चुकवून चालत नाहीं. गेल्या खेपेस मुदतीचे दोनच दिवस उरले असतां आम्ही बागेंत गेलों, झाडासमोर फोन धरला, तों जागा शिल्लक नाहीं असें त्यानें बजावलें.

हा फोन आमच्या एकट्याचा नव्हे. २०२० सालीं शाळा बंद पडल्या, तेव्हां घरांतील मुलांच्या अभ्यासासाठीं तो घेतला होता. पुढें तो सर्वांचाच झाला व दिवाणखान्यांतील कोनाड्यांत राहूं लागला. आम्हीं तेथेंच, झाडाखालीं बसून, जागा कोणीं व्यापली आहे तें पाहिलें. यादींत अगदीं वर आमच्या बारा वर्षांच्या पुतण्याचा एक खेळ होता. त्याखालीं दोन बटणें होतीं. त्यांतील ज्याच्या योगें अधिक जागा सुटेल असें दिसलें, तें आम्हीं दाबलें. फोननें एकदां विचारलें देखील. आम्हीं न वाचतांच होकार दिला. जवळजवळ तीन जीबी जागा मोकळी झाली, मोसंबीची नोंद झाली, आणि आम्ही समाधानानें घरीं परतलों.

संध्याकाळीं मुलानें खेळ उघडला. खेळानें त्याला नांव विचारलें, जणू काय तो प्रथमच आला होता. दोन वर्षें रोज थोडाथोडा वेळ खर्चून त्यानें त्यांत विहिरी, पूल, गोठे यांसह एक गांवच वसविलें होतें. तें कोठेंहि नव्हतें. त्याला रडूं आलें नाहीं. फोन कोनाड्यांत ठेवून तो पानावर येऊन बसला व नेहमीपेक्षां कमी जेवला. दुसऱ्या दिवशीं आम्ही बागेच्या पाण्याखतांचा हिशेब लिहीत असतां तो जवळ आला आणि म्हणाला, “काका, तुमच्या या वहीवर कुणी पाणी सांडलं, तर ती पुन्हा लिहिता येईल का हो?”

आम्हांस उत्तर सुचलें नाहीं.

आमच्या वयाच्या माणसांना ही चूक चूक म्हणून कळावयासच वेळ लागतो, कारण आम्ही ज्या खेळांत वाढलों ते खेळ कांहीं लिहून ठेवीत नसत. सारीपाटाचेंच पहा. कापडी पट, सोळा सोंगट्या आणि फांसे किंवा कवड्या, एवढाच त्याचा संसार. डाव संपला कीं पट गुंडाळावा. जिंकल्याचा आनंद आणि हरल्याचा राग दोन्हीं रात्रींतून विरत. त्याच पटाच्या वंशांतील लुडोचें पेटंट इंग्लंडांत १८९६ सालीं घेतलें गेलें, आणि नवी मुंबईच्या एका कंपनीनें २०१६ सालीं फोनवर आणलेला ‘लुडो किंग’ २०२० च्या टाळेबंदींत घरोघर शिरला. सोंगट्या त्याच, घरें तींच. परंतु एक मोठा फरक पडला. फोनवरचा पट गुंडाळला जात नाहीं. कोण किती डाव जिंकला, कोणाजवळ किती नाणीं आहेत, याची नोंद तो ठेवीत जातो. खेळाला वही आली, आणि वही आली म्हणजे तिचा धनीहि आला.

आतां या वहीची व्यवस्था कशी असते तें पाहूं. आपल्याकडे बहुतेक फोन अँड्रॉइड पद्धतीचे असतात. त्यांवरील प्रत्येक खेळाचे तीन भाग मानावे. पहिला भाग म्हणजे खेळ स्वतः. हा आपला पट. दुसरा भाग म्हणजे ‘कॅशे’. कोठीच्या खोलींत वारंवार जावें लागूं नये म्हणून आपण लागणारें सामान ओट्यावर हाताशीं काढून ठेवतों, तशी ही खेळाची वरकड सामग्री असते. ती टाकली तरी बिघडत नाहीं. पुन्हां लागेल तेव्हां खेळ ती आणून ठेवतो. तिसरा भाग म्हणजे खेळाडूची वही : त्याचें नांव, पायरी, मिळविलेल्या वस्तु, पसंतीच्या खुणा. मोठ्या खेळांत मागाहून उतरविलेले नकाशे व चित्रेंहि बहुधा याच भागांत मोजलीं जातात, आणि म्हणून तो फुगलेला दिसतो.

‘सेटिंग्ज’मध्यें ‘ॲप्स’, तेथें त्या खेळाचें नांव आणि मग ‘स्टोरेज’ असें गेलें कीं दोन बटणें दिसतात. ‘क्लिअर कॅशे’ या बटणानें ओटा रिकामा होतो. ‘क्लिअर स्टोरेज’, किंवा कांहीं फोनांवर ‘क्लिअर डेटा’, या बटणानें ओट्याबरोबर वहीहि जाते आणि खेळ नुकताच आणल्यासारखा कोरा होतो. दोन्हीं बटणें शेजारीं शेजारीं असतात, दोहोंचीं नांवें सारखींच निरुपद्रवी वाटतात. परंतु पहिलें केरसुणी आहे आणि दुसरें आगपेटी. आम्हीं आगपेटी उचलली होती.

आयफोनची रीत निराळी आहे. तेथें ‘जनरल’खालीं ‘आयफोन स्टोरेज’मध्यें ‘ऑफलोड ॲप’ व ‘डिलीट ॲप’ असे दोन पर्याय मिळतात. पहिल्यानें खेळ जातो पण वही मागें राहते. दुसऱ्यानें दोन्हीं जातात.

वही जळाली तरी एक आशा उरते. पुष्कळ खेळ तिची एक प्रत कंपनीच्या दूरच्या संगणकावर ठेवतात, आणि खेळाडूनें गूगल किंवा तत्सम खात्यानें प्रवेश केला असेल तर पुन्हां त्याच खात्यानें आंत जातां ती प्रत परत मिळते. परंतु मुलें खेळ सुरू करतांना घाईनें ‘गेस्ट’, म्हणजे पाहुणा, हा पर्याय निवडतात. पाहुण्याचें नांव घरच्या शिधापत्रिकेवर नसतें. त्याची ओळख फक्त त्या फोनांतच लिहिलेली असते. ती पुसली कीं तो कोण होता हें सांगणारें बहुधा कोणीच उरत नाहीं. आमचा पुतण्या असाच पाहुणा होता.

खात्याचें महत्त्व किती असतें हें आपल्या देशांतील असंख्य तरुणांनीं एकदां अनुभविलें आहे. २ सप्टेंबर २०२० रोजीं केंद्र सरकारनें ११८ ॲपांवर बंदी घातली. त्यांत ‘पबजी मोबाइल’ हा खेळ होता. पुढें जुलै २०२१ मध्यें त्याच जातीचा ‘बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया’ हा खेळ आला, तेव्हां जुन्या खात्यांतील ऐवज नव्या खेळांत नेण्याची सवलत ठराविक मुदतीपुरती देण्यांत आली. ज्यांची वही खात्यावर होती त्यांना ती दहा महिन्यांनींहि हातीं लागली.

आमच्या घरीं या प्रसंगावर दोन मतें पडलीं. आमचे वडील बंधु म्हणाले, “गेलं तें बरंच झालं, मुलाचा नाद सुटेल.” हें मत अनेक घरांतून ऐकूं येतें, म्हणून त्याचा विचार केला पाहिजे. प्रत्यक्षांत झालें तें उलटेंच. पूर्वीं मुलगा अर्धा तास खेळून फोन ठेवीत असे, कारण गांव वसलेलें होतें, त्याची देखरेख तेवढी उरली होती. आतां बुडालेलें भरून काढण्यासाठीं तो तासन् तास बसूं लागला. शिवाय खेळाचे नकाशे पुन्हां उतरले, आणि तीन आठवड्यांत सुटलेल्या जागेपैकीं बरीचशी परत गेली. नाद घड्याळानें आवरतां येतो, वही जाळून आवरतां येत नाहीं. वेळेची मर्यादा घालावयाची तर ती मुलाला सांगून, त्याच्या देखत घालावी. गूगलच्या ‘फॅमिली लिंक’सारखीं साधनें त्यासाठींच आहेत. पाठीमागें पुसून टाकलेली वस्तु मुलाला शिस्त शिकवीत नाहीं. वडीलधारीं माणसें न विचारतां हात घालतात, एवढेंच शिकविते.

फोन पुन्हां भरला तेव्हां आम्हीं अधिक सावधपणें शोध केला, आणि जें आढळलें तें सांगतांना संकोच वाटतो. व्हॉट्सॲपच्या ‘सेटिंग्ज’मध्यें ‘स्टोरेज अँड डेटा’ व तेथें ‘मॅनेज स्टोरेज’ असें स्थान आहे. पांच एमबीहून मोठ्या आणि वारंवार पुढें पाठविल्या गेलेल्या वस्तु तेथें निराळ्या काढून दाखविल्या जातात. तें उघडून पाहतां सूर्योदयाचीं सुप्रभात-चित्रें, काढ्यांच्या चित्रफिती, तेंच तेंच व्याख्यान चार नातेवाइकांकडून चार वेळां, असा आमचा व आमच्या बंधूंचा साठा त्या खेळाच्या दुपटीहून अधिक निघाला. मुलाचा खेळ यादींत वर दिसला म्हणून आम्हीं त्याला शासन केलें. खरा अडगळीचा ढीग आमचाच होता. तो पुसावयास कोणाची अनुमति लागली नाहीं, आणि पुसल्यावर कोणाचें कांहीं गेलेंहि नाहीं.

येथें आणखी एक गोष्ट ध्यानांत ठेवावी. फोनांतून पुसलें म्हणजे कंपनीच्या दप्तरांतून पुसलें असें होत नाहीं. जागा मोकळी करणें हें एक काम, आणि मुलाची माहिती परक्याच्या ताब्यांतून काढून घेणें हें दुसरें. दुसऱ्यासाठीं खेळांतूनच खातें बंद करण्याची मागणी करावी लागते. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यांत आपली माहिती खोडून टाकण्याची मागणी करण्याचा हक्क मानलेला आहे, आणि अठरा वर्षांखालील मुलांच्या माहितीसाठीं पालकांची संमति आवश्यक धरली आहे. नोव्हेंबर २०२५ मध्यें त्याचे नियम अधिसूचित झाले व त्यांतील मुख्य तरतुदी अमलांत येण्यास अठरा महिन्यांचा अवधि देण्यांत आला. देशांत पन्नास लाख वा अधिक नोंदलेले खेळाडू असलेल्या कंपनीनें, तीन वर्षें न फिरकलेल्या खेळाडूची माहिती, त्याला निदान अठ्ठेचाळीस तास अगोदर कळवून, खोडावी असें त्या नियमांत आहे. कायद्यालासुद्धां पुसण्यापूर्वीं विचारणें उचित वाटलें, हें आम्हांस विशेष वाटतें.

तेव्हां घरच्या फोनापुरता एक साधा क्रम सुचवावासा वाटतो. जागा संपली कीं प्रथम थोरल्यांनीं आपापलीं चित्रें व चित्रफिती पाहाव्या. मग खेळांची केवळ कॅशे काढावी. एवढ्यानें न भागल्यास ज्याचा खेळ त्याला हांक मारावी. तो पाहुणा असेल तर खेळाच्या सेटिंग्जमध्यें जाऊन वही खात्याशीं जोडून घ्यावी, त्याचा खेळाडू-क्रमांक कागदावर टिपून ठेवावा, एकदां दुसऱ्या फोनवर तें खातें उघडतें कीं नाहीं याची खात्री करावी, आणि मगच दुसऱ्या बटणास बोट लावावें. तेंहि शक्य तर मुलाच्याच हातानें.

आमच्या तालुक्याचें गांव पैठण, म्हणजे एकनाथांचें गांव. देवगिरीस जनार्दनस्वामींच्या सेवेंत असतां हिशेबांतील एका पैची चूक शोधण्यासाठीं नाथ रात्रभर दिव्यापाशीं बसले, ही कथा आमच्याकडे प्रत्येक मूल ऐकतें. लहानपणापासून ती आम्ही कष्टाळूपणाचा धडा म्हणून सांगत आलों. आतां तिचा आणखी एक अर्थ आम्हांस दिसतो : ती वही नाथांची नव्हती, दुसऱ्याची होती; आणि दुसऱ्याच्या वहींतील पैहि लहान नसते.

पुतण्यानें नवें गांव वसविलें आहे. या वेळीं तें त्याच्या आईच्या खात्याशीं जोडलेलें असून त्याचा क्रमांक आमच्या बागेच्या वहीच्या शेवटच्या पानावर लिहिलेला आहे. ती जागा त्यानेंच निवडली. लिहितांना तो म्हणाला, “काका, इथं पाणी सांडू नका म्हणजे झालं.”