मोटार अपघात नुकसानभरपाई (जुन्नर व आंबेगाव तालुके)

मोटार अपघात नुकसानभरपाई म्हणजे वाहन अपघातात जखमी झालेल्या व्यक्तीला किंवा मृत्यू पावलेल्या व्यक्तीच्या वारसांना मोटार वाहन कायदा, १९८८ अन्वये मिळणारी रक्कम होय. पुणे जिल्ह्याच्या उत्तर भागातील जुन्नर व आंबेगाव तालुक्यांतून पुणे–नाशिक महामार्ग मंचर, नारायणगाव व आळेफाटा या गावांवरून जातो. आळेफाटा येथे त्याला माळशेज घाटातून येणारा कल्याण–अहिल्यानगर मार्ग छेदतो.

सानुग्रह साहाय्य व भरपाई

१७ जानेवारी २०२५ रोजी नारायणगावजवळ टेम्पोची धडक बसून प्रवासी वाहन उभ्या एस.टी. बसवर आदळले व ९ जणांचा मृत्यू झाला. राज्य शासनाने मृतांच्या वारसांना प्रत्येकी ५ लाख रुपयांचे साहाय्य जाहीर केले. असे साहाय्य सानुग्रह असते. त्यामुळे वाहनाचा मालक व विमा कंपनी यांचे कायदेशीर दायित्व संपत नाही. भरपाईसाठी स्वतंत्र दावा करावा लागतो. अपघातास एकापेक्षा अधिक वाहनचालक जबाबदार असल्यास प्रवाशाचे वारस त्यांपैकी कोणाही एकाकडून संपूर्ण भरपाई मागू शकतात.

दाव्याचे मार्ग

कलम १६६ : चालकाचा निष्काळजीपणा सिद्ध झाल्यास मोटार अपघात दावा न्यायाधिकरण न्याय्य भरपाई ठरवते. अपघात जेथे घडला किंवा वारस जेथे राहतात, तेथील न्यायाधिकरणापुढे अर्ज करता येतो.

कलम १६४ : निष्काळजीपणा सिद्ध न करता मृत्यूबद्दल ५ लाख रुपये मिळतात. मात्र विमा कंपनीमार्फत ही रक्कम स्वीकारल्यास न्यायाधिकरणापुढील दावा संपुष्टात येतो.

कलम १६१ : धडक देऊन पळालेल्या वाहनाचा शोध न लागल्यास मृत्यूबद्दल २ लाख रुपये मिळतात. १ एप्रिल २०२२ पूर्वी ही रक्कम २५,००० रुपये होती. या अर्जाची चौकशी महसूल अधिकारी करतात व मंजुरी जिल्हाधिकारी देतात. दोन्ही तालुक्यांच्या प्रांताधिकाऱ्यांचे कार्यालय मंचर येथे आहे.

रकमेची आकारणी

सरला वर्मा (२००९) व प्रणय सेठी (२०१७) या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयाने आकारणीची रीत निश्चित केली. उदाहरणार्थ, स्वयंरोजगार करणारी ३४ वर्षांची व्यक्ती दरमहा १५,००० रुपये मिळवत असेल व तिच्यावर चार जण अवलंबून असतील, तर भावी उत्पन्नवाढीपोटी ४० टक्के मिळवून २१,००० रुपये होतात. त्यातून वैयक्तिक खर्चाचा एकचतुर्थांश वजा जाता १५,७५० रुपये उरतात. वर्षाचे १,८९,००० रुपये वयानुसार ठरलेल्या १६ या गुणकाने गुणले असता ३०,२४,००० रुपये येतात. सहवासहानी, अंत्यविधी इत्यादींच्या रकमा याशिवाय मिळतात. गृहिणीच्या श्रमाचेही मूल्य धरले जाते. आयुर्विम्याची रक्कम भरपाईतून वजा होत नाही, असा निर्णय हेलन रिबेलो विरुद्ध महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळ (१९९८) या खटल्यात झाला.

मुदत

१ एप्रिल २०२२ पासून दाव्यासाठी अपघातापासून सहा महिन्यांची मुदत लागू झाली. तिला आव्हान देण्यात आले असून, केवळ मुदतीच्या कारणाने दावे फेटाळू नयेत, असा अंतरिम आदेश सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२५ मध्ये दिला. पोलिसांनी न्यायाधिकरणाकडे पाठविलेला अपघात अहवालही दावा म्हणून ग्राह्य धरण्याची तरतूद कायद्यात आहे.

इतर साहाय्य

गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेखाली वहितीधारक शेतकरी किंवा त्याच्या कुटुंबातील एका सदस्याच्या अपघाती मृत्यूबद्दल २ लाख रुपये मिळतात. वयोमर्यादा १० ते ७५ वर्षे आहे. प्रस्ताव ३० दिवसांत तालुका कृषी अधिकाऱ्याकडे द्यावा लागतो. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ नुसार स्त्रिया, मुले आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता विनामूल्य वकील मिळतो. त्यासाठी तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो.