किलोवॅटचा भाव आणि घाटाखालचं ऊन

खामगाव किंवा मलकापूरचा जिनिंगवाला सोलरचा विचार करू लागला की पहिला प्रश्न ठरलेला असतो : किलोवॅटमागे भाव काय पडेल? मग चार-पाच जणांनी मिळून इन्व्हर्टर घाऊक उचलायचं ठरतं. तुरीची, सरकीची खरेदी अशीच होते, त्यामुळे हे सहज पटतं. पण इन्व्हर्टरची खरेदी तुरीसारखी नसते. पॅनेलच्या कामगिरीची हमी साधारण २५ वर्षांची, इन्व्हर्टरची बहुतेकदा ५ ते १० वर्षांची. त्यातही अनेक कंपन्या बसवल्याच्या तारखेची फार वाट पाहत नाहीत. माल कारखान्यातून निघून ठरावीक महिने झाले की हमीचा काळ सुरू होतो. एकदम उचललेला माल गोदामात वर्षभर खोक्यात राहिला, तर भावात मिळालेली सूट हमीतून वजा होत जाते.

दुसरा गैरसमज क्षमतेचा. खोक्यावरचा ५० किलोवॅटचा आकडा कुठेही तेवढाच मिळेल असं नाही. मे महिन्यात घाटाखाली, म्हणजे खामगाव-मलकापूर-शेगावकडे, पारा ४४-४५ अंशांपर्यंत चढतो आणि पत्र्याच्या शेडमध्ये त्याच्याही वर. बरेच इन्व्हर्टर ४५ अंशांच्या आसपास स्वतःला जपण्यासाठी उत्पादन घटवू लागतात. जिनिंगमध्ये भर पडते ती उडणाऱ्या तंतूंची; पंख्याच्या जाळीवर रुई बसली की उष्णता बाहेर पडत नाही. म्हणून घाटावरच्या चिखलीत जे मॉडेल निवांत चालतं, ते शेगावात तसंच चालेल असं धरू नये. एकत्र खरेदीला माझा विरोध नाही. उलट सगळ्यांनी एकच मॉडेल घेतलं तर एक जादा नग सामायिक ठेवता येतो, आणि १०० किलोवॅटच्या एका यंत्राऐवजी ५० ची दोन घेतली तर बिघाडात निम्मं उत्पादन तरी चालू राहतं. घाऊक खरेदीचा खरा फायदा मला यात दिसतो. मात्र नेट मीटरिंगची, म्हणजे जास्तीची वीज ग्रिडला देऊन बिलातून वळती करण्याच्या सोयीची, मर्यादा प्रत्येकाच्या स्वतःच्या मंजूर भाराला बांधलेली असते, त्यामुळे मॉडेल एक असलं तरी नगांची संख्या प्रत्येकाची वेगळी निघणार.

‘सोलर लावलं की भारनियमनाची चिंता मिटली’ ही समजूत सर्वांत महाग पडते. ग्रिडला जोडलेला साधा इन्व्हर्टर वीज जाताच बंद पडतो, आणि तो बंद पडलाच पाहिजे. नाहीतर तारेवर काम करणाऱ्या वायरमनच्या जिवावर बेतेल. बॅटरीसह हायब्रिड घेतला तर पुरवठा चालू राहतो, पण मोटर सुरू होताना नेहमीच्या पाच-सात पट प्रवाह ओढते. तो झेलायचा तर यंत्रणा बरीच मोठी आणि खर्चिक होते. ‘जनरेटर सोबत चालवू’ हे उत्तर बरोबर आहे, पण उलटी वीज जनरेटरमध्ये शिरू न देणारा कंट्रोलर हवा. तो घाऊक कोटेशनमध्ये आहे का, हे आधी विचारावं.

सवलतींचंही तसंच. २०२४ ची पीएम सूर्यघर योजना घरांसाठी आहे. कारखान्याला तिचं अनुदान नाही. सप्टेंबर २०२५ मध्ये सोलर उपकरणांवरचा जीएसटी १२ वरून ५ टक्क्यांवर आला खरा, पण ज्यांचा विक्रीचा माल करपात्र आहे त्यांना इनपुट क्रेडिट आधीही मिळत होतं. त्यांच्यासाठी ही निव्वळ बचत नाही.

राहिला जिनिंगवाल्यांचा रास्त आक्षेप : हंगाम पाच-सहा महिन्यांचा, उरलेले महिने ऊन वाया जाणार. नेट मीटरिंगमध्ये तसं होत नाही. एप्रिलपासून साठलेली शिल्लक युनिटं ३१ मार्चपर्यंत पुढे नेता येतात, आणि कापसाचा हंगाम नेमका त्याआधी येतो. मात्र वेळेनुसार दर लागू असणाऱ्यांची ही शिल्लक कमी मागणीच्या वेळेतली धरली जाते. संध्याकाळच्या महागड्या युनिटांची ती पुरती भरपाई करत नाही. त्यामुळे किती नग घ्यायचे हे ठरवताना बारा महिन्यांची बिलं पुढ्यात हवीत, आणि त्यांत दिवसपाळीची युनिटं वेगळी काढलेली हवीत.