पैसा लावून गप्प बसणारा निर्माता

सिनेमाचा निर्माता म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे एक ठरीव चित्र उभे राहते. बोटांत अंगठ्या, दाराशी मोठी गाडी आणि 'कथेत दोन गाणी घाला' असा दिग्दर्शकाला हुकूम! ज्याचा पैसा त्याची मर्जी, हा या धंद्याचा जुना रिवाज. तेव्हा पैसा लावून गप्प बसणारा निर्माता कुठे आढळला, तर त्याची दखल घ्यायलाच हवी.

चित्रपटाचा खरा कर्ता दिग्दर्शकच, या विचाराने युरोपात एके काळी मोठी खळबळ माजवली. जर्मनीत १९६२ साली ओबरहाउझेन येथे २६ तरुणांनी जाहीरनामा काढून जुना सिनेमा मेल्याचे सांगून टाकले. पुढे १९७१ साली तिथल्या दिग्दर्शकांनी म्युनिक येथे स्वतःची संस्थाही काढली. आपल्याकडे मात्र कर्त्यानेच धनको व्हायचे, ही रीत आरंभापासूनची. दादासाहेब फाळक्यांनी विम्याची पॉलिसी गहाण टाकली, सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने दिले. अगदी अलीकडे नगर जिल्ह्यातल्या भाऊराव कऱ्हाडे यांनी 'ख्वाडा'साठी जमीन विकली.

पण ज्याच्यापाशी गहाण टाकायलाही काही नाही, त्याने काय करावे?

मुंबईच्या चैतन्य ताम्हाणे या तरुणापुढे हाच प्रश्न होता. त्याच्या एका नाटकात विवेक गोंबर नावाचे नट काम करीत. मूळचे जयपूरचे, सिंगापुरात वाढलेले, अमेरिकेत नाट्यशिक्षण घेतलेले. ताम्हाण्यांच्या मनात खालच्या कोर्टावर चित्रपट काढायचे होते; परंतु पोटापाण्याची विवंचना असताना पटकथा लिहायची कशी? गोंबरांनी त्यांना लेखनासाठी दरमहा ठराविक रक्कम देऊ केली आणि स्वतः निर्माता व्हायचे ठरवले. याआधी त्यांनी एकही चित्रपट काढलेला नव्हता, हे इथे ध्यानात घेतले पाहिजे.

त्यातून २०१४ साली 'कोर्ट' तयार झाला. गटारात उतरणाऱ्या एका कामगाराने शाहिराचे गाणे ऐकून जीव दिला, असा आरोप ठेवून म्हाताऱ्या नारायण कांबळेला पकडतात आणि खटला तारखांमागून तारखा खात राहतो, एवढीच गोष्ट. बहुतेक कलावंत नवखे. शाहिराची भूमिका वीरा साथीदार यांची, सरकारी वकील गीतांजली कुलकर्णी, आणि बचावाचा वकील खुद्द गोंबर! कॅमेरा एका जागी ठाण मांडून कोर्टातला कंटाळासुद्धा जसाच्या तसा टिपतो. धंद्याचा हिशेब करणाऱ्या निर्मात्याने तो पहिल्याच दिवशी कापायला सांगितला असता.

फळ काय मिळाले? व्हेनिसच्या महोत्सवात दोन पारितोषिके, २०१४ सालच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार, आणि ऑस्करसाठी भारतातर्फे निवड. 'ख्वाडा'लाही त्याच वर्षीच्या राष्ट्रीय पुरस्कारांत गौरव लाभला, हा योगायोग मोठा गोड आहे.

यशानंतर शहाणा माणूस काय करील? सोपा विषय निवडील, नामवंत नट घेईल. गोंबरांनी पुन्हा ताम्हाण्यांच्याच पाठीशी उभे राहून २०२० साली 'द डिसायपल' काढला. विषय, शास्त्रीय संगीतात आयुष्य घालूनही शिखर न गाठलेला एक शिष्य! नायक आदित्य मोडक, म्हणजे गाणाराच माणूस. मेक्सिकोचे अल्फोन्सो क्वारोन कार्यकारी निर्माते म्हणून सोबत आले. व्हेनिसच्या मुख्य स्पर्धेत 'मॉन्सून वेडिंग'नंतर प्रथमच भारतीय चित्रपट शिरला आणि उत्कृष्ट पटकथेचे पारितोषिक घेऊन परतला.

एरवी निर्मात्याचे मोठेपण त्याच्या गल्ल्यावरून मोजतात. त्या मापाने गोंबर कदाचित लहानच ठरतील. पण दुसऱ्याच्या मनातली गोष्ट त्याच्याच रीतीने सांगू देणे, त्यासाठी लागेल तितका काळ थांबणे आणि नुकसान आपल्या अंगावर घेण्याची तयारी ठेवणे, हीही एक कलाच म्हणायची. घरात एखादे मूल चित्र काढायला किंवा पेटी वाजवायला बसले की, 'यातून मिळणार काय?' असे आपण लगेच विचारतो. त्याआधी क्षणभर थांबता आले, तर त्या घरातही एक निर्माता आहे असे खुशाल समजावे.